निरीक्षणात्मक माहितीपट आणि तो करणारा माणूस

निरीक्षणात्मक माहितीपट म्हणजे अशी डॉक्युमेंटरी जिच्यात मागून कुणी समजावून सांगत नाही, मुलाखती नसतात, वरनं म्युझिक टाकलेलं नसतं आणि "हे परत एकदा करून दाखवा" असं कुणाला म्हणायचं नसतं. समोर जे चाललंय ते कॅमेरा बघत राहतो, बस.

हे जमायला लागलं १९६० च्या आसपास, कारण तेव्हा खांद्यावर मावणारा १६ एमएम कॅमेरा आणि त्याच्याशी आवाज जुळवून टिपणारा नाग्रा रेकॉर्डर हाताशी आला. अमेरिकेत डॉक्युमेंटरी करणाऱ्या रॉबर्ट ड्रूच्या टीमनं १९६० लाच केनेडींचा विस्कॉन्सिनमधला प्रचार असा शूट केला. पण या प्रकारात मला सगळ्यात मोठा वाटतो तो फ्रेडरिक वाइजमन. मूळचा कायद्याचा माणूस, माइक स्वतः धरायचा, एडिटिंग पण स्वतःच. मनोरुग्ण कैद्यांच्या हॉस्पिटलवरची त्याची १९६७ ची 'टिटिकट फॉलीज' कोर्टानं अडवली आणि १९९१ पर्यंत ती सामान्य प्रेक्षकांना दाखवता येत नव्हती.

आपल्याकडं १९४८ ला फिल्म्स डिव्हिजन आलं, पिक्चरच्या आधी थेटरात त्यांच्या फिल्म्स लागायच्या, त्यातला भारदस्त आवाज ऐकून आपली सवयच अशी झाली की डॉक्युमेंटरीत कुणीतरी बोलणारच.

आता खरसुंडीचा सिद्धनाथाच्या यात्रेतला खिलार जनावरांचा बाजार घ्या. हेडी, म्हणजे जनावरांचा व्यापारी, बैलाचं तोंड उघडून दात बघतो, शेपटीला हात घालून चालवून बघतो आणि मग टॉवेल टाकून त्याच्याखाली बोटं धरून भाव चालतो. कॅमेऱ्याला बोटं दिसतच नाहीत! दिसतात दोन चेहरे, मागं ओढलेला हात आणि तो पुन्हा टॉवेलखाली ढकलणारा मध्यस्थ. इथं आकडा सांगितला की सीन मेला, चेहऱ्यावर थांबलात तर बैल विकायला निघालेल्या माणसाची सगळी अडचण तिथंच कळते. एवढ्यासाठी दिवसभर उन्हात उभं राहायचं, आणि बऱ्याचदा सौदा मोडतो.

जत, आटपाडी, माण, खटाव या दुष्काळी पट्ट्यात वेगळंच होतं, कॅमेरा म्हणजे न्यूज चॅनेल असं लोक धरून चालतात, लगेच टँकर कधी आला नि चारा कसा संपला ते लेन्सकडं बघून सांगायला लागतात, त्यात त्यांची काहीच चूक नाही कारण एरवी विचारायला येतंय कोण. म्हणून सुरुवातीला कॅमेरा पिशवीतच ठेवून नुसतं जात राहायचं, चहा प्यायचा, "टीव्हीवर कधी दाखवणार" याचं खरं उत्तर द्यायचं. लोकांना सवय झाली की मग ते घरातलं भांडण, कर्ज, सोयरीक सगळं समोर बोलतात, आणि माझ्या मते खरी जबाबदारी तिथनं सुरू होते. सुरुवातीला घेतलेली परवानगी शेवटपर्यंत पुरते असं धरूच नये, रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जोडणी, त्या घरी नेऊन दाखवावा, पोरीच्या लग्नात अडचण येईल असं कुणी म्हणालं तर तो सीन कितीही भारी असला तरी काढावा.

पोटापाण्याचं म्हणाल तर यावर घर चालणं अवघड, लग्नाच्या, कॉलेजच्या गॅदरिंगच्या ऑर्डरी घेऊन मधल्या दिवसांत हे काम करावं लागतं. फिल्म तयार झाली की १९९० पासून भरणारा मुंबईचा माहितीपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव, जो दर दोन वर्षांनी होतो, आणि त्याच्याही आधी गावातल्या देवळासमोर पांढरा पडदा.