बायोवेअर की ब्लॅक आइल? खोक्यावरच्या लोगोंनी घातलेला घोळ

‘बॉल्डर्स गेट’ हा कॉम्प्युटर गेम ब्लॅक आइल या स्टुडिओने बनवला आणि ‘प्लेनस्केप: टॉर्मेंट’ बायोवेअरने, असं छातीठोकपणे सांगणारे लोक आजही भेटतात. खरं तर ते नेमकं उलटं आहे. पण त्यांना हसण्यात अर्थ नाही. १९९८ ते २००२ या चार वर्षांत दोन्ही स्टुडिओंचे गेम एकाच इंजिनवर (म्हणजे गेम चालवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या सांगाड्यावर) आले, डन्जन्स अँड ड्रॅगन्स या टेबलावर फासे टाकून खेळायच्या खेळाच्याच नियमांवर आले, एकाच प्रकाशकाने बाजारात आणले आणि खोक्यांवर दोघांचीही नावं छापली. बाहेरून बघणाऱ्याने कोणाचं काय हे ओळखायचं तरी कसं?

आधी यादी सांगून टाकतो. ‘बॉल्डर्स गेट’ (१९९८), ‘बॉल्डर्स गेट २: शॅडोज ऑफ आम्न’ (२०००) आणि त्याचा पुढचा भाग ‘थ्रोन ऑफ बाल’ (२००१) हे बायोवेअरचे. ‘प्लेनस्केप: टॉर्मेंट’ (१९९९), ‘आइसविंड डेल’ (२०००) आणि ‘आइसविंड डेल २’ (२००२) हे ब्लॅक आइलचे. प्रकाशक सगळ्यांचा एकच, इंटरप्ले. आणि सगळ्यांच्या खालचं इन्फिनिटी इंजिन बायोवेअरचं. म्हणजे ‘टॉर्मेंट’च्या खोक्यावर बायोवेअरचं नाव दिसतं ते इंजिनापोटी, आणि ‘बॉल्डर्स गेट’च्या खोक्यावर ब्लॅक आइलचं नाव दिसतं ते प्रकाशकाची शाखा म्हणून. घोळाचं मूळ एवढंच.

आता हे दोघे कोण?

बायोवेअर १९९५ मध्ये कॅनडातल्या एडमंटन शहरात सुरू झाला. रे म्युझिका, ग्रेग झेशुक आणि ऑगस्टीन यिप हे संस्थापकांपैकी तिघे चक्क डॉक्टर. आधी वैद्यकीय शिक्षणासाठी सॉफ्टवेअर बनवत होते, मग गेमकडे वळले. त्यांचा पहिला गेम ‘शॅटर्ड स्टील’ (१९९६) अवाढव्य यंत्रमानवांच्या मारामारीचा होता. त्यात रोल-प्लेइंगचा, म्हणजे एखादं पात्र घडवून त्याच्या भूमिकेत खेळण्याचा, मागमूसही नाही. तोही इंटरप्लेनेच प्रकाशित केला. त्यानंतर ‘बॅटलग्राउंड इन्फिनिटी’ नावाचा एक नमुना घेऊन ते इंटरप्लेकडे गेले. इंटरप्लेकडे डन्जन्स अँड ड्रॅगन्सचं लायसन्स पडून होतं. त्या नमुन्याचं पुढे ‘बॉल्डर्स गेट’ झालं आणि ‘इन्फिनिटी’ हा शब्द इंजिनाला चिकटला.

ब्लॅक आइलची गोष्ट अगदी वेगळी. ती स्वतंत्र कंपनी नव्हतीच. ब्रायन फार्गो यांनी १९८३ मध्ये कॅलिफोर्नियात काढलेल्या इंटरप्लेची ती एक शाखा. रोल-प्लेइंग गेमसाठी वेगळा विभाग काढला, फर्गस अर्कर्ट त्याचे प्रमुख झाले आणि १९९८ मध्ये विभागाला स्कॉटलंडमधल्या ब्लॅक आइल या भागाचं नाव मिळालं. हा विभाग दोन कामं करायचा: स्वतःचे गेम बनवणं, आणि बाहेरच्या स्टुडिओंनी इंटरप्लेसाठी बनवलेल्या गेमवर देखरेख ठेवणं. बायोवेअर त्या ‘बाहेरच्यां’पैकी. म्हणून ‘ब्लॅक आइलचा गेम’ या शब्दांचे दोन अर्थ होतात आणि लोक दोन्ही एकत्र करतात. कन्सोलवरचा ‘बॉल्डर्स गेट: डार्क अलायन्स’ (२००१) याचा उत्तम नमुना. मालिकेचं नाव बायोवेअरमुळे गाजलेलं, लोगो ब्लॅक आइलचा, आणि गेम बनवला तिसऱ्याच स्नोब्लाइंड नावाच्या स्टुडिओने. त्याचा दुसरा भाग मात्र खरोखर ब्लॅक आइलने बनवला. घ्या.

इंटरप्लेच्याच ‘फॉलआउट’ या रोल-प्लेइंग मालिकेबद्दलही एक बारीक गोष्ट इथेच सांगायला हवी. पहिला ‘फॉलआउट’ १९९७ चा, म्हणजे ब्लॅक आइल हे नाव पडण्याआधीचा. तो इंटरप्लेच्या आतच टिम केन यांच्या टीमने बनवला. १९९८ चा ‘फॉलआउट २’ ब्लॅक आइलच्या नावाने आला, पण तोवर केन, लिओनार्ड बॉयार्स्की आणि जेसन अँडरसन बाहेर पडून ट्रोइका गेम्स काढून बसले होते. ‘फॉलआउट’ला सरसकट ब्लॅक आइलचा म्हणणं माझ्या मते चालून जातं, बरीचशी माणसं आणि छप्पर तेच होतं, पण काटेकोर वाद घालणाऱ्यासमोर म्हणू नका. बायोवेअरचा मात्र ‘फॉलआउट’शी काडीचा संबंध नाही.

इन्फिनिटी इंजिनामुळे हे गेम दिसायला सख्खे भाऊ वाटतात. त्यात प्रत्येक जागा आधी थ्रीडीत उभी करून तिचं एकच मोठं चित्र काढून ठेवलेलं असतं आणि त्या चित्रावरून छोटी पात्रं चालतात. तेच तेच तुकडे जोडून नकाशा केलेला नसल्यामुळे प्रत्येक खानावळ, प्रत्येक गल्ली वेगळी दिसते. लढाई चालू वेळेत होते, पण स्पेसबार दाबला की सगळं गोठतं. तुमच्या तुकडीतल्या सहाही जणांना हुकूम द्यायचे आणि पुन्हा सोडायचं. पडद्यावर हे सलग वाटलं तरी आत सहा-सहा सेकंदांच्या फेऱ्या आणि फासे चालूच असतात. नियम डन्जन्स अँड ड्रॅगन्सच्या दुसऱ्या आवृत्तीचे, त्यामुळे आर्मर क्लासचा, म्हणजे बचावाचा, आकडा जितका कमी तितकं चिलखत भारी. नवख्याला यात हमखास गोंधळायला होतं. फक्त ‘आइसविंड डेल २’मध्ये तिसऱ्या आवृत्तीचे नियम आले आणि तिथे आकडा जास्त तितका चांगला. स्क्रीनशॉट बघून गेम ओळखायचा असेल तर ही खूण पक्की.

पण खेळायला बसलं की दोन स्टुडिओंचे स्वभाव लगेच वेगळे पडतात, आणि मला लोगोपेक्षा हीच ओळख जास्त भरवशाची वाटते.

बायोवेअरचा जीव साथीदारांत. ‘बॉल्डर्स गेट’मध्ये तुम्ही एकच पात्र बनवता: कँडलकीपच्या तटबंदीत वाढलेलं एक अनाथ पोर. पालनकर्ता गोरायन पहिल्याच रात्री मारला जातो आणि मग वाटेत माणसं भेटत जातात. सुरुवातीलाच रस्त्यावर झार आणि मॉन्टारॉन ही दुष्ट जोडगोळी गळ्यात पडते. पुढे फ्रेंडली आर्म खानावळीत खालिद आणि जहेरा हे सज्जन जोडपं वाट बघत असतं. चौघांनाही बरोबर घेतलंत तर ते आधी एकमेकांना टोमणे मारतात आणि शेवटी तुमच्या डोळ्यांदेखत एकमेकांवर शस्त्रं उपसतात. तुमचं नाव फार चांगलं झालं की दुष्ट साथीदार कंटाळून निघून जातात. दुसऱ्या भागात हेच साथीदार स्वतःची दुखणी, स्वतःच्या मोहिमा आणि प्रेमप्रकरणं घेऊन येतात. बायोवेअरच्याच नंतरच्या ‘मास इफेक्ट’मध्ये मोहिमांच्या मधल्या वेळेत जहाजावर फिरून एकेकाशी गप्पा मारायची जी सवय लागते, तिचं बी इथे पेरलेलं आहे.

ब्लॅक आइलला एकच एक साचा नव्हता. ‘आइसविंड डेल’मध्ये सहाच्या सहा पात्रं तुम्हीच बनवायची. ती आपसात बोलत नाहीत, भांडत नाहीत, प्रेमात पडत नाहीत. बर्फ, गुहा, संगीत आणि एकावर एक कडक लढाया. ज्यांना साथीदारांच्या रडगाण्यांचा वैताग येतो त्यांना हा गेम आवडतो. ‘टॉर्मेंट’ त्याच इंजिनावरचं दुसरं टोक. नायकाला नाव नाही, स्मृती नाही. तो शवागारातल्या दगडी ओट्यावर जागा होतो आणि एक तरंगती कवटी त्याच्याशी बोलायला लागते. तो अमर असल्यामुळे मरणं म्हणजे बहुतेक वेळा नुसतं दुसरीकडे जागं होणं. त्याला चिलखत घालता येत नाही, त्याऐवजी अंगावर गोंदवून घ्यायचं. इथे बुद्धी आणि शहाणपण हे गुण शक्तीपेक्षा महत्त्वाचे, कारण ते जास्त असले तर संवादात नवे पर्याय उघडतात, जुन्या आठवणी परत येतात. लढाया? त्या जेमतेम. ‘टॉर्मेंट’च्या लढाया चांगल्या आहेत असं म्हणणारा माणूस मला अजून भेटायचाय.

गुणांवरून संवाद बदलण्याची ही खोड ‘फॉलआउट’पासूनची. तिथे बुद्धीचा आकडा अगदी खाली ठेवून पात्र बनवलंत तर त्याला धड बोलताच येत नाही आणि समोरचे लोकही त्याच्याशी तसंच वागतात. थोडक्यात, बायोवेअर विचारतो की तुमच्याबरोबर कोण आहे, आणि ब्लॅक आइल विचारतो की तुम्ही स्वतः कोण आहात. ‘आइसविंड डेल’ या सूत्रात बसत नाही हे मला मान्य आहे.

दोघांची फाटाफूट २००२-०३ मध्ये झाली. इंटरप्ले तोवर पैशाने खंगला होता, मालकी फ्रान्सच्या टायटसकडे गेली होती आणि फार्गो बाहेर पडले होते. बायोवेअर स्वतंत्र असल्यामुळे त्याने सरळ दुसरा प्रकाशक गाठला: ‘नेव्हरविंटर नाइट्स’ (२००२) इन्फोग्रामकडून आला. ब्लॅक आइलला तशी सोय नव्हती, कारण शाखा कंपनी सोडून जाऊ शकत नाही. २००३ मध्ये इंटरप्लेच्या हातून पीसीसाठीचं डन्जन्स अँड ड्रॅगन्सचं लायसन्स गेलं आणि ‘जेफरसन’ या टोपणनावाने चाललेला ‘बॉल्डर्स गेट ३’ रद्द झाला. मग ‘व्हॅन ब्युरेन’ या टोपणनावाचा ‘फॉलआउट ३’ही गेला आणि डिसेंबर २००३ मध्ये ब्लॅक आइलला टाळं लागलं. ‘डार्क अलायन्स २’ दुकानात पोचला तो जानेवारी २००४ मध्ये, स्टुडिओ बंद झाल्यावर.

इथून घोळाचा दुसरा अंक सुरू होतो. अर्कर्ट आणि त्यांचे सहकारी, त्यांत ‘टॉर्मेंट’चे ख्रिस अ‍ॅव्हेलोन, हे टाळं लागण्याआधीच २००३ मध्ये बाहेर पडले होते. त्यांनी ऑब्सिडियन एंटरटेनमेंट काढलं. आणि पहिलं काम काय मिळालं? बायोवेअरच्या ‘स्टार वॉर्स: नाइट्स ऑफ द ओल्ड रिपब्लिक’चा (२००३) दुसरा भाग. पुढे ‘नेव्हरविंटर नाइट्स २’ (२००६) हेही तसंच: पहिला भाग बायोवेअरचा, दुसरा ऑब्सिडियनचा, आणि इंजिनाचा पाया पुन्हा बायोवेअरचाच. इन्फिनिटीच्या काळातली वाटणी नव्या नावाने परत सुरू झाली म्हणायची.

या जोड्यांपैकी ‘ओल्ड रिपब्लिक’ची जोडी लागोपाठ खेळून बघण्यासारखी आहे. बायोवेअरचा भाग गुळगुळीत, साहसाने भरलेला, जेडाय म्हणजे सज्जन आणि सिथ म्हणजे दुर्जन हे मान्य करून चालणारा. ऑब्सिडियनचा भाग त्याच गृहीतकाला धरून हलवतो. त्यातली क्रेया ही म्हातारी गुरू तुम्ही भिकाऱ्याला पैसे दिलेत तरी झापते आणि हाकललंत तरी झापते. दोन्ही वेळा तिच्याकडे कारण तयार असतं. पण हा भाग डिसेंबर २००४ गाठण्यासाठी घाईने संपवला गेला. शेवट विस्कळीत आहे आणि काही प्रसंग कापले गेले. कापलेल्या मजकुराच्या खुणा डिस्कवरच राहिल्या होत्या. त्या गोळा करून चाहत्यांनी नंतर दुरुस्ती-मॉड, म्हणजे गेमला वरून जोडायची भर, बनवला. आज खेळणार असाल तर त्या मॉडसकटच खेळा. कल्पना मोठी आणि शिवण उसवलेली, हा ऑब्सिडियनचा लौकिक ‘फॉलआउट: न्यू व्हेगास’लाही (२०१०) चिकटला. त्याचा प्रकाशक बेथेस्डा, कारण २००७ मध्ये इंटरप्लेने ‘फॉलआउट’चे हक्क त्यांना विकले होते. प्रकल्पाचे प्रमुख जॉश सॉयर हे ‘आइसविंड डेल २’चे मुख्य डिझायनर. त्यामुळे नाव बेथेस्डाचं आणि वळण जुन्या ब्लॅक आइलचं असा हा गेम आहे.

पुढची वाट थोडक्यात. बायोवेअरला इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने घेतलं. व्यवहार २००७ मध्ये जाहीर झाला आणि जानेवारी २००८ मध्ये पूर्ण झाला. ‘मास इफेक्ट’ आणि ‘ड्रॅगन एज’ याच नावाखाली गाजले. म्युझिका आणि झेशुक २०१२ मध्ये निवृत्त झाले. ‘अँथम’ (२०१९) आपटला. ऑब्सिडियनने २०१२ मध्ये किकस्टार्टर या लोकवर्गणीच्या संकेतस्थळावर जवळपास ४० लाख डॉलर जमवून ‘पिलर्स ऑफ इटर्निटी’ (२०१५) काढला. तो उघडउघड इन्फिनिटी इंजिनाच्या आठवणीत बनवलेला गेम आहे. २०१८ मध्ये मायक्रोसॉफ्टने ऑब्सिडियन विकत घेतलं. म्हणजे बायोवेअरचं नाव टिकलं आणि ते सुरू करणारे गेले. ब्लॅक आइलचं नाव गेलं आणि तिथली बरीच माणसं एकत्र राहिली. इंटरप्लेने २०१२ मध्ये ब्लॅक आइल हे नाव पुन्हा जिवंत करायचा प्रयत्न केला, पण त्यातून गेम काही आला नाही.

‘बॉल्डर्स गेट ३’ (२०२३) या दोघांपैकी कोणाचाच नाही. तो बेल्जियमच्या लॅरियनचा.

आणि जुने गेम आज विकत घ्यायला गेलात तर यादीत आणखी एक नाव दिसेल: बीमडॉग. ही कंपनी काढणाऱ्यांपैकी ट्रेंट ऑस्टर हे बायोवेअरच्याही संस्थापकांपैकी. त्यांनी ‘बॉल्डर्स गेट’चे दोन्ही भाग, ‘आइसविंड डेल’ आणि ‘टॉर्मेंट’ नव्या संगणकांसाठी दुरुस्त करून पुन्हा बाजारात आणले. बायोवेअरचे आणि ब्लॅक आइलचे गेम आता एकाच प्रकारच्या वेष्टनात, एकाच कंपनीच्या शिक्क्यासह मिळतात. त्या पंगतीत फक्त ‘आइसविंड डेल २’ नाही, कारण त्याचा मूळ सोर्स कोड सापडलाच नाही. तो अजून २००२ च्या अवतारातच खेळावा लागतो.