वाटीभर चॉकलेट सॉस आणि पुढे गेलेला पाक

मागच्या डिसेंबरात भाचीच्या वाढदिवसाला आइस्क्रीमवर ओतायला म्हणून मी घरीच चॉकलेट सॉस केला. आदल्या रात्री करून बरणीत भरला आणि फ्रीजमध्ये ठेवला. सकाळी चमचा घातला तर तळाशी खरखर. चव छान, रंग छान, पण जिभेवर साखरेचे बारीक कण. आईने चमचा चाटून पाहिला आणि म्हणाली, "अगं, पाक पुढे गेला तुझा. फार आटवलास."

आईने जन्मात कधी चॉकलेट सॉस केलेला नाही. रव्याच्या लाडवांचा एकतारी पाक मात्र तिने शेकडो वेळा केला असेल, आणि त्या अनुभवावर तिने केलेलं निदान रसायनशास्त्राच्या कसोटीला पुरतं उतरतं. चॉकलेट सॉस हा मुळात साखरेचा पाकच आहे. त्यात कोकोचे कण तरंगत असतात आणि थोडी चरबी मिसळलेली असते, एवढाच फरक.

माझं प्रमाण असं होतं: ७० ग्रॅम साखर, २५ ग्रॅम कोको पावडर, १०० मिलिलिटर पाणी, चिमूटभर मीठ आणि शेवटी चमचाभर बटर. यातून जेमतेम वाटीभर सॉस होतो. आता हिशेब पाहा. २० अंश सेल्सिअसला १०० ग्रॅम पाण्यात साधारण २०० ग्रॅम साखर विरघळते, म्हणजे पाणी आपल्या वजनाच्या दुप्पट साखर पोटात घेतं. उकळत्या पाण्यात याच्याही दुपटीहून जास्त मावते, पण ती उधारी असते; पाक गार झाला की जास्तीची साखर बाहेर पडू पाहते. शंभरातलं २५ ग्रॅम पाणी आटलं तर ७० ग्रॅम साखरेला ७५ ग्रॅम पाणी उरतं. तिथे कण धरण्याचा प्रश्नच नाही. पण ७० ग्रॅम पाणी उडून ३० उरलं, तर त्यात ६० ग्रॅमच साखर मावते आणि फ्रीजमधल्या गारव्यात त्याहूनही कमी. उरलेली दहा-पंधरा ग्रॅम साखर रात्रभरात शांतपणे तळाशी जाऊन बसते. माझ्या बरणीत नेमकं हेच झालं होतं.

एवढं पाणी उडालं कसं? मी तर सहा-सात मिनिटंच ढवळत होते. इथे थोड्या प्रमाणातल्या पदार्थाची खरी अडचण कळते. वाफ होते ती पृष्ठभागावरून. मी १८ सेंटीमीटर रुंदीचं पसरट पातेलं घेतलं होतं. १२ सेंटीमीटरच्या पातेल्यापेक्षा त्याचं तोंड क्षेत्रफळाने सव्वादोन पट मोठं. लिटरभर पाक असता तर ७० ग्रॅम पाणी गेल्याचं कळलंही नसतं. वाटीभर सॉसमध्ये तेच म्हणजे एकूण पाण्याच्या दोन तृतीयांशाहून जास्त. मोठ्या आचाऱ्याची कृती दहाने भागून घरी केली की ती बिघडते त्याचं कारण हेच. जिन्नस दहाने भागले जातात; पातेल्याचं तोंड आणि गॅसची आच काही त्याच हिशेबाने कमी होत नाहीत. नंतर मी भांडी बाजारातून जाड बुडाचं छोटं पातेलं आणलं आणि सगळ्यात लहान बर्नर वापरायला लागले. तेव्हापासून सॉस हाताबाहेर गेलेला नाही.

पाक कुठे थांबवायचा हे थर्मामीटरने ओळखावं असं पुष्कळ कृतींत लिहिलेलं असतं. या सॉससाठी मला ते पटत नाही. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर उंचीवर आहे, त्यामुळे इथे पाणी १०० नाही तर साधारण ९८ अंशांनाच उकळतं. निम्मी साखर असलेला पाक साध्या पाण्याहून जेमतेम दोन अंश वर उकळतो. म्हणजे मुंबईच्या हिशेबाने लिहिलेला आकडा इथे गाठायला गेलात तर फरकाचे ते दोन अंश उंचीतच जमा होतात आणि पाक नकळत पुढे जातो. त्यापेक्षा वजनकाटा बरा. रिकाम्या पातेल्याचं वजन आधी लिहून ठेवायचं आणि आतला ऐवज १७० ग्रॅमच्या आसपास आला की गॅस बंद. काटा नसेल तर स्टीलची ताटली फ्रीजरमध्ये ठेवावी, तिच्यावर थेंब टाकून ती तिरकी करावी आणि थेंब कसा ओघळतो ते पाहावं. गरम सॉस पातळ दिसतो म्हणून आणखी आटवायचा मोह होतो, तो आवरायलाच हवा. निम्म्या साखरेचा पाक ४० अंशांना जितका दाट असतो त्याच्या साधारण तिप्पट तो १० अंशांना असतो. डिसेंबरात इथे पहाटेचा पारा दहाच्या खाली उतरतो आणि एप्रिलमध्ये दुपारी चाळिशीला टेकतो, त्यामुळे ओट्यावर ठेवलेला एकच सॉस दोन ऋतूंत दोन वेगळे पदार्थ वाटू शकतो.

आता कोकोकडे. कोको पावडर थेट पाण्यात टाकली तर ती वर तरंगते आणि गुठळ्या धरते. तिच्या कणांवर कोकोची चरबी, म्हणजे कोको बटर, असते. साध्या पावडरीत साधारण १० ते १२ टक्के. ही चरबी पाण्याला जवळ येऊ देत नाही. शिवाय कोकोत स्टार्च असतो. गुठळीच्या बाहेरच्या थरातला स्टार्च गरम पाण्याने फुगून चिकट होतो आणि आतली पावडर कोरडीच अडकून राहते. पिठल्यात बेसनाचं जे होतं तेच. उपायही पिठल्याचाच: आधी थोड्या पाण्यात नीट कालवून घ्यायचं. मी कोको, साखर आणि मीठ कोरडंच एकत्र करते, म्हणजे साखरेचे दाणे कोकोचे कण एकमेकांपासून लांब ठेवतात. मग त्यात दोन-तीन चमचे गरम पाणी घालून गुळगुळीत लगदा करते आणि त्यानंतरच बाकीचं पाणी. पाणी गरमच हवं, कारण कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळतं आणि वितळलेल्या थरातून पाण्याला कणापर्यंत पोचणं सोपं जातं. पुढे उकळताना हाच स्टार्च सॉसला दाटपणा देतो, म्हणून कॉर्नफ्लॉवर घालायची मुळीच गरज नाही.

कोकोतली चरबी दाबून काढण्याच्या यंत्राचं पेटंट नेदरलँड्समध्ये व्हॅन हाउटेन यांच्या कारखान्याने १८२८ मध्ये घेतलं. त्यातूनच आजची पावडर घडली. अल्कली लावून कोकोचा आंबटपणा घालवायची युक्तीही त्यांचीच. डब्यावर 'डच प्रोसेस' असं असेल तर रंग गडद आणि चव सौम्य. साधा कोको फिकट आणि किंचित आंबट. सॉसला दोन्ही चालतात. मला साधा आवडतो, त्याच्यात फळासारखी एक चमक असते.

पावडरीऐवजी चॉकलेटची वडी वितळवणार असाल तर भीती उलटी. वितळलेल्या चॉकलेटमध्ये साखर आणि कोकोचे कण चरबीत पसरलेले असतात. त्यात पाण्याचा एखादा थेंब पडला की साखरेचे कण ओले होऊन एकमेकांना चिकटतात आणि सगळ्याचा घट्ट गोळा होतो. घाबरून फेकू नका. आणखी गरम पाणी घाला, १०० ग्रॅमला निदान दोन मोठे चमचे. पुरेसं पाणी मिळालं की साखर विरघळते, चरबीचे थेंब पाण्यात पसरतात आणि गोळ्याचा चकचकीत सॉस होतो. वडी घेताना वेष्टण मात्र वाचा. बेकिंगच्या दुकानात स्वस्तात मिळणाऱ्या 'कंपाउंड'मध्ये कोको बटरच्या जागी दुसरी वनस्पतीजन्य चरबी असते. सॉस त्याचाही होतो, पण तोंडात तसा विरघळत नाही.

कोकोचं झाड विषुववृत्ताच्या दोन्ही बाजूंना साधारण २० अंशांच्या पट्ट्यात वाढतं. नाशिक जवळजवळ नेमकं २० अंश उत्तर अक्षांशावर आहे, पट्ट्याच्या काठावर. पण कोकोला बारा महिने ऊब आणि दमट हवा लागते. निफाडच्या थंडीत तो टिकायचा नाही. केरळ-कर्नाटकातल्या नारळ-सुपारीच्या बागांत तो रमतो. आपल्याकडे पिकतं ते द्राक्ष, आणि माझ्या खरखरीत सॉसवरचा उपाय मला द्राक्षातच सापडला.

ग्लुकोजला मराठीत द्राक्षशर्करा म्हणतात ते उगाच नाही. बर्लिनच्या आंद्रेआस मार्गग्राफ यांनी १७४७ मध्ये ती पहिल्यांदा वेगळी केली ती मनुकांमधूनच. आपल्या साखरेच्या एका रेणूत ग्लुकोज आणि फ्रुक्टोज जोडलेले असतात. द्राक्षात हे दोघे सुटे आणि जवळपास सारख्या प्रमाणात असतात. स्फटिक म्हणजे एकाच मापाच्या विटांची भिंत. मध्येच वेगळ्या मापाचे दगड येत राहिले तर ती रचली जात नाही. पाकात सुटं ग्लुकोज आणि फ्रुक्टोज असलं की साखरेचे रेणू असेच अडखळतात. आई पाकात लिंबू पिळते त्यामागेही हेच आहे: आम्लामुळे थोडी साखर फुटून तिचे हे दोन घटक मोकळे होतात. वाइन थंड केली की टाकीच्या भिंतीवर जे पांढरे खडे जमतात, ते शुद्ध करून केलेलं क्रीम ऑफ टार्टर मिठाईवाले याच कामासाठी वापरतात.

सॉस पाच मिनिटांत होतो, तेवढ्यात लिंबाने फार साखर फुटत नाही. म्हणून आइस्क्रीमवर घट्ट बसेल असा दाट सॉस हवा असेल तेव्हा मी २० ग्रॅम काळ्या मनुका अर्धा तास गरम पाण्यात भिजवते, वाटून गाळून कोळ काढते आणि साखर ७० ऐवजी ५५ ग्रॅम घेते. भिजवायला आणि वाटायला मापातलंच पाणी वापरायचं. मनुकांचा आंबटगोडपणा कोकोच्या कडूपणाला असा बिलगतो की पाहुण्यांना वेगळं काही घातलंय हे ओळखू येत नाही, चव मात्र लक्षात राहते. मध किंवा लिक्विड ग्लुकोजनेही तेच काम होतं.

बटर आणि व्हॅनिला गॅस बंद केल्यावरच घालायचं. व्हॅनिलाचा वास उकळीबरोबर उडून जातो. बटर घातल्यावर झपाझप ढवळलं की त्याचे बारीक थेंब पाकात पसरून तकाकी येते. पाणी कमी पडून तूप सुटल्यासारखं दिसलं तर चमचाभर गरम पाणी घालून पुन्हा ढवळा, जुळून येतं. मीठ विसरू नका. ते खारटपणासाठी नाही, जिभेला जाणवणारा कडूपणा ते दाबतं.

एक गोष्ट मनापासून सांगते: हा सॉस मुरांब्यासारखा बाहेर टिकत नाही. मुरांब्यात साखर इतकी असते की बुरशीला आणि जिवाणूंना वापरायला मोकळं पाणी उरत नाही. आपल्या सॉसच्या पाकात साखर निम्मीच आहे. कोरड्या बरणीत, फ्रीजमध्ये ठेवून आठवड्यात संपवा. पाण्याऐवजी दूध वापरलं असेल तर तीन दिवसांत.

भाचीचा तो खरखरीत सॉस मी टाकला नाही. बरणीतला सगळा ऐवज पातेल्यात काढला, चार चमचे पाणी घातलं आणि साखर पूर्ण विरघळेपर्यंत मंद आचेवर ढवळला. संध्याकाळी सुरगाण्याकडच्या स्ट्रॉबेरी कापून त्यावर तोच ओतला. आईने दुसऱ्यांदा वाटी पुढे केली.