स्लॅपस्टिक (मूकपटांमधली)

पडणं, घसरणं, धडकणं, पाठलाग, तोंडावर थापलेलं क्रीम, अशा निव्वळ अंगाने करायच्या विनोदाला स्लॅपस्टिक म्हणतात. हे नाव एका खऱ्या वस्तूवरून आलंय. इटलीच्या जुन्या कोमेडिया देल्लार्ते नाटकांत दोन चपट्या लाकडी पट्ट्यांची एक काठी असायची, ती पाठीत हाणली की फाडकन मोठा आवाज यायचा पण लागायचं मात्र फारसं नाही.

सिनेमात याचा खरा कारखाना काढला मॅक सेनेटने, 1912 साली कीस्टोन कंपनी सुरू करून. त्याच्या फिल्ममधले धडपडणारे पोलीस तेव्हा जाम फेमस होते, आणि चॅप्लिनचा भटक्या पहिल्यांदा पडद्यावर आला तोही इथल्याच फिल्ममधून, 1914 मध्ये. फिल्म एक-दोन रिळांच्या, एक रीळ साधारण दहा-बारा मिनिटं चालायचं, त्यामुळे पाल्हाळाला जागाच नसायची. कॅमेरा हाताने फिरवायचे, तो जरा हळू फिरवला की पडद्यावर माणसं भराभर पळताना दिसायची.

पण मला विचाराल तर या प्रकाराचं सोनं केलं मूकपटांतला नट-दिग्दर्शक बस्टर कीटन याने. लहानपणी आई-वडिलांसोबत स्टेजवर काम करायचा, बाप त्याला चक्क उचलून फेकायचा आणि त्यासाठी कपड्यांना पाठीवर सुटकेसचं हँडल शिवलेलं असायचं! तिथेच तो दोन गोष्टी शिकला, न लागता पडायचं कसं आणि आपण हसायचं नाही, कारण आपण हसलो की पब्लिक कमी हसतं.

त्याची 1920 ची 'वन वीक' बघाच. नवं जोडपं सुटे भाग जोडून घर उभारतं, पण त्यांच्यावर जळणाऱ्या एकाने खोक्यांवरचे नंबर बदलून ठेवलेत म्हणून घर पार वेडंवाकडं होतं, आणि वादळात तर ते भोवऱ्यासारखं गरगर फिरतं, हे घर खरोखरच फिरत्या चबुतऱ्यावर बांधलं होतं. मग कळतं प्लॉटच चुकलाय, घर ओढत नेताना ते रुळांवर अडकतं, समोरून ट्रेन येते, दोघं डोळे झाकतात, आणि ट्रेन शेजारच्या रुळावरून निघून जाते. आपण हुश्श करतो न करतो तोच उलट्या बाजूने दुसरी येते आणि घराचा चक्काचूर. कीटन काही बोलत नाही, त्या ढिगाऱ्यावर 'विकणे आहे'ची पाटी लावतो, सोबत घर जोडायच्या सूचनांचा कागदही ठेवतो, आणि बायकोचा हात धरून चालू लागतो.