सॉफ्ट सेल वन-हिट वंडर? काहीही हं!

मार्क आल्मंड आणि डेव्ह बॉल या ब्रिटिश जोडीचा पॉप बँड सॉफ्ट सेल म्हणजे 'टेन्टेड लव्ह' हे एक गाणं गाजलं आणि संपलं, हे किती वर्षं चाललंय राव. अमेरिकेपुरतं ठीक आहे, पण ब्रिटनमध्ये १९८१ला ते नंबर १ झालं आणि त्यानंतर 'बेडसिटर' ४ नंबरला, 'से हॅलो, वेव्ह गुडबाय' ३ला, 'टॉर्च' तर थेट २ला, आणि हे सगळं १९८२ संपायच्या आत, मग वन-हिट कसलं डोंबलाचं! उलट जे गाणं सगळ्यांना माहितीये तेच त्यांचं नाही, एड कॉबने लिहिलेलं, ग्लोरिया जोन्सने ६०च्या दशकात गायलेलं. सिंगलच्या (एका गाण्याच्या छोट्या रेकॉर्डच्या) दुसऱ्या बाजूलाही कव्हरच, म्हणजे दुसऱ्याचंच गाणं टाकलं, त्यामुळे लेखनाची रॉयल्टी शून्य. बाकीची हिट्स मात्र बहुतेक स्वतः लिहिलेली.