ओयामा, नोबुयो

(१६ ऑक्टोबर १९३३ – २९ सप्टेंबर २०२४). जपानी अभिनेत्री व आवाज-कलाकार. जन्म टोकियोत. ‘डोरेमॉन’ या यंत्रमांजराला त्यांनी १९७९ ते २००५ अशी २६ वर्षे आवाज दिला.

शाळकरी वयात त्यांच्या घोगऱ्या आवाजाची इतकी टिंगल झाली, की त्या बोलेनाशा झाल्या. दुबळी गोष्ट जपत बसले तर ती आणखीच दुबळी होते, तेव्हा आवाज वापर, असे आईने समजावले. मग त्या शाळेच्या ध्वनिप्रसारण मंडळात गेल्या. पुढे हाइयुझा या नाट्यसंस्थेच्या प्रशिक्षणशाळेत त्यांनी अभिनयाचे धडे घेतले आणि १९५६ मध्ये एनएचके या जपानच्या सार्वजनिक प्रसारणसंस्थेच्या मालिकेतून दूरचित्रवाणीवर पाऊल ठेवले. त्या काळी जपानी दूरचित्रवाणीवर अमेरिकी मालिकांचा भरणा होता आणि त्यांचे जपानी संवाद बहुधा नाटकवालेच बोलत. ओयामाही १९५७ पासून या कामाला लागल्या. घोगरा आवाज खट्याळ मुलांच्या भूमिकांना नेमका साजला. तीन डुकरांच्या बाहुलीमालिकेत (१९६०–६७) थोरला बू त्यांचा होता. धाकट्या ऊचा आवाज मराठी वाचकांना ‘तोत्तोचान’मुळे परिचित असलेल्या तेत्सुको कुरोयानागी यांचा.

डोरेमॉनची पहिली मालिका १९७३ मध्ये आली आणि लवकरच बंद पडली. १९७९ च्या नव्या मालिकेत ओयामांनी पात्राचा मुळापासून विचार केला. मुलांच्या सांभाळासाठी बनवलेला यंत्रमानव उर्मट कसा बोलेल? म्हणून त्यांचा डोरेमॉन अदबीने बोलतो. ‘मी डोरेमॉन आहे’ हे साधे वाक्य त्यांच्या तोंडून जपानभर पोचले. डोरेमॉनचा आवाज असा असतो तर, हे आपल्याला आत्ता कळले, अशी दाद डोरेमॉनचे खुद्द जनक, चित्रकथाकार फुजिको एफ. फुजिओ यांनी दिली. चित्रकाराला अशी दाद द्यायला लावणे हे या कलेतले फार मोठे यश होय. महाराष्ट्रातली मुले डोरेमॉन पाहतात तो हिंदीत, त्यामुळे हा आवाज इथे फारसा कुणाच्या कानी पडलेला नाही.

२००१ मध्ये त्यांना आतड्याचा कर्करोग झाला. २००५ मध्ये डोरेमॉन मालिकेचे पाचही मुख्य आवाज-कलाकार एकत्र निवृत्त झाले. ओयामांच्या जागी वासाबी मिझुता आल्या. २०१० च्या ‘डांगानरोंपा’ या व्हिडिओ गेममध्ये मुलांना एकमेकांचे खून करायला लावणारे अस्वल मोनोकुमा त्यांनी रंगवले. ओळखीच्या मायाळू आवाजातून येणारे क्रौर्य अंगावर काटा आणते.

२०१२ मध्ये स्मृतिभ्रंशाचे निदान झाले. पती, अभिनेते केइसुके सागावा यांनी २०१५ मध्ये ते जाहीर केले. सागावा २०१७ मध्ये वारले. डोरेमॉनचा सोबती नोबिता याचा आवाज असलेल्या नोरिको ओहारा जुलै २०२४ मध्ये गेल्या, आणि त्याच सप्टेंबरात नव्वदाव्या वर्षी ओयामा.