प्लेसमेंट टेस्टमधून सूट

अमेरिकेतील कम्युनिटी कॉलेजांत (दोन वर्षांच्या स्थानिक सरकारी महाविद्यालयांत) आणि अनेक सरकारी विद्यापीठांत नव्या विद्यार्थ्याची वाचन, लेखन व गणिताची चाचणी, म्हणजे प्लेसमेंट टेस्ट, घेण्याची पद्धत आहे. ती न देता थेट पदवीच्या विषयांना बसण्याची मुभा म्हणजे ही सूट. आपल्याकडे ‘प्लेसमेंट’ म्हटले की कॅम्पसवर आलेली कंपनी आठवते. तिचा इथे संबंध नाही. सीए करणाऱ्यांना पेपरात ६० गुणांवर मिळणारे ‘एक्झम्प्शन’ मात्र हिच्या जवळचे. एकदा दाखवून दिलेले पुन्हा दाखवायला लावू नये, हे तत्त्व दोन्हीकडे एकच.

कम्युनिटी कॉलेजचा प्रवेश सहसा सर्वांना खुला असतो. चाचणीत कमी पडला म्हणून कोणी दाराबाहेर राहत नाही, पण त्याला ‘डेव्हलपमेंटल’ म्हणजे पायाभरणीचे वर्ग करावे लागतात. त्यांची फी भरायची, आणि क्रेडिट (श्रेयांक) पदवीत धरले जात नाही. सूट मिळवण्याची धडपड असते ती यामुळेच.

टेक्सासचे नियम यात सर्वांत तपशीलवार म्हणावेत असे आहेत. तिथे १९८९ पासून राज्यस्तरीय चाचणी होती. २००३ मध्ये तिची जागा ‘टेक्सास सक्सेस इनिशिएटिव्ह’ने घेतली. थोडक्यात टीएसआय. सध्याची चाचणी, टीएसआयए२, जानेवारी २०२१ पासून संगणकावर होते. गणितात ९५० गुण मिळाले की सुटका. त्याखाली आलात तर पुढचा निदानात्मक भाग असतो आणि त्यात सहावी पातळी गाठली तरी चालते. वेळेची मर्यादा नाही.

सूट मिळते ती मुख्यतः दुसऱ्या परीक्षेच्या गुणांवर, म्हणजे एसएटी किंवा एसीटी या कॉलेजप्रवेशासाठीच्या परीक्षांच्या. एसएटीत वाचन-लेखनाला ४८० आणि गणिताला ५३० हवेत. एसीटीचे निकष १५ फेब्रुवारी २०२३ ला बदलले. त्याआधी एकूण २३ आणि त्या विषयात १९ पुरत. आता गणितात २२, आणि इंग्रजी व वाचन मिळून ४० लागतात. समजा, डिसेंबर २०२२ मध्ये एकीने एकूण २४ आणि गणितात २० मिळवले. तिला गणिताची सूट. तिच्या मैत्रिणीने एप्रिल २०२३ मध्ये अगदी तेवढेच गुण मिळवले, तिला चाचणी. पहिलीचीही सूट कायमची नाही. एसएटी-एसीटीचे गुण पाच वर्षांनी शिळे होतात, मधल्या काळात बीजगणित विसरले असो वा नसो.

गुणांखेरीज इतर वाटाही आहेत. आधीच पदवी असलेले, ४२ किंवा कमी क्रेडिटचा छोटा ‘लेव्हल-वन’ सर्टिफिकेट कोर्स करणारे, सक्रिय लष्करी सेवेतले, तसेच १ ऑगस्ट १९९० रोजी वा त्यानंतर सन्मानाने सेवामुक्त झालेले माजी सैनिक यांना चाचणी नाही. हायस्कूलच्या शेवटच्या वर्षी केलेला ‘कॉलेज प्रेप’ म्हणजे कॉलेजच्या तयारीचा कोर्सही चालतो, पण शाळेचा करार असलेल्या कॉलेजातच, आणि हायस्कूल उत्तीर्ण झाल्यापासून २४ महिनेच.

महाराष्ट्र बोर्डाची बारावी या यादीत नाही. गणितात ९५ गुणांची गुणपत्रिका घेऊन टेक्सासमधील डॅलसच्या कॉलेजात पदवीला आलेल्या मुलाने एसएटी किंवा एसीटी दिलेली नसेल, तर त्यालाही अपूर्णांकांच्या प्रश्नांपुढे बसावे लागते. कॉलेजला त्याच्या गणिताबद्दल शंका असते असे नाही. नियमात ते गुण मोजायचा रकाना नाही, इतकेच.

मुळात चाचणीवरच किती विसंबावे, हा प्रश्न २०१२ मध्ये ऐरणीवर आला. कोलंबिया विद्यापीठाच्या टीचर्स कॉलेजमधील ज्युडिथ स्कॉट-क्लेटन यांना आढळले की गणितात चाचणी देणाऱ्यांपैकी साधारण दर चौथा आणि इंग्रजीत दर तिसरा विद्यार्थी साफ चुकीच्या वर्गात पडतो. हायस्कूलचे गुण पाहिले असते तर ही चूक कमी झाली असती. ‘कंपास’ ही बहुतेक कॉलेजांच्या ओळखीची चाचणी एसीटी संस्थेने २०१६ अखेर बंदच केली. कॅलिफोर्नियाने २०१७ च्या ‘एबी ७०५’ कायद्याने हायस्कूलच्या गुणांना पहिला मान दिला. इंग्रजीसाठी तिथे जीपीए (हायस्कूलच्या गुणांची सरासरी) २.६ असला की जादा वर्गाविना थेट पदवीचा कोर्स. त्यानंतर तिथे सूट मागायचे कारणच फारसे उरले नाही.

फ्लोरिडाने २०१३ मध्ये वेगळी रीत धरली. चाचणी ठेवली, पण २००३-०४ किंवा नंतर राज्यातील सरकारी शाळेत नववीला गेलेल्या आणि तिथूनच डिप्लोमा घेतलेल्या सर्वांना, तसेच सेवेतील सैनिकांना, तिच्यातून वगळले. या विद्यार्थ्याला कॉलेज चाचणीही सक्तीची करू शकत नाही आणि पायाभरणीचा वर्गही. गुण कसेही असोत. म्हणजे सूट हाच तिथे नियम झाला. चाचणी उरली ती खासगी शाळेतल्यांना, घरी शिकलेल्यांना आणि परराज्यांतून वा परदेशांतून आलेल्यांना, त्यांच्याकडे एसएटी-एसीटीचे पुरेसे गुण नसतील तर.