मनीमेकर फक्त नशिबावर जिंकला?

टीव्हीवरच्या पोकरमध्ये, म्हणजे पैज लावून खेळायच्या पत्त्यांच्या खेळात, हौशी खेळाडू जिंकला की ‘निव्वळ नशीब’ म्हणायचं आणि दाखला द्यायचा ख्रिस मनीमेकरचा, हे वर्षानुवर्षं चाललंय. ते पटण्यासारखं नाही. टेनेसीचा हा अकाउंटंट ८६ डॉलरच्या ऑनलाइन स्पर्धेतून २००३ साली लास वेगासला ‘वर्ल्ड सिरीज ऑफ पोकर’ या स्पर्धेत पोचला आणि २५ लाख डॉलर जिंकला. नशिबाची साथ होतीच. पण व्यावसायिक खेळाडू सॅम फाराविरुद्धचा तो डाव बघाच! फाराकडे नव्व्यांची जोडी. मनीमेकरकडे इस्पिकचा राजा, बदामची सत्ती, जुळलेलं काहीच नाही. तरी भारी पत्ते असल्याचा आव आणत पठ्ठ्याने सगळ्या चिप्स (पैजेच्या चकत्या) लावल्या. कसलेल्या फाराने सरस पत्ते असूनही डाव सोडून दिला. छोट्या कॅमेऱ्यांमुळे प्रेक्षकांना दोघांचेही पत्ते दिसत होते. एका नोकरदाराची ही छाती लोकांना भावली. पुढच्या वर्षी स्पर्धक ८३९ वरून २,५७६ झाले.